शोणेचा दुसरा श्लोक

कर्जत, जिल्हा कुलाबा
मकरसंक्रांत, १४ जानेवारी १९६२

विश्वंभरशास्त्री, मुक्काम उज्जैन, यांना नरहरचा अकरा वर्षांनी नमस्कार.

एक तक्रार नोंदवायची आहे, आणि ती ऐकून घेण्याची पात्रता या पृथ्वीतलावर तुझ्याखेरीज कोणाची नाही. काल स्टेशनाबाहेर कांदाभजी घेतली. ती ज्या पिवळ्या कागदात बांधून मिळाली त्यावर माझा श्लोक छापला होता. तेल नेमकं दुसऱ्या चरणावर पसरलेलं. त्याहून भयंकर म्हणजे खिळे जुळवणाऱ्याने एक काना खाल्ल्यामुळे ‘शोणा’ची ‘शेणा’ झाली आहे. सतरा वर्षं खपून आपण एक सूर्य घडवला, त्याची ही गत. भजी मात्र बरी होती.

तुझी स्मरणशक्ती आता माझ्या दातांसारखी झाली असेल, म्हणून आठवण करून देतो. आपल्या ब्रह्मांडाला भिंत लागून दुसरं ब्रह्मांड, पार्श्वांड. त्याच्या मधोमध मेरू नाही, घाट आहे. खालच्या सात लोकांतून वर निघालेल्या जीवांना तो चढ एकट्याने चढवत नाही, म्हणून पायथ्याशी दोन सूर्य: भर्ग पुढून ओढतो, शोणा मागून ढकलते. कर्जतला गाडीच्या मागे इंजिन लावताना पाहून हे तुला सुचलं, आणि मी त्याला संस्कृत नेसवून उपनिषदातलं वाटेल असं केलं. भर्ग थोरला, पांढरा. शोणा धाकटी, तांबडी. एकाच वेळी जन्मलेले, एकमेकांभोवती फिरणारे. तिथल्या माणसाला दोन सावल्या, एक निळसर, एक तांबूस. खोटं बोललं की तांबूस सावली बोटभर पुढे सरकते, म्हणून त्या लोकात वकील नाहीत. आणि दर सत्तावीस वर्षांनी दोन्ही सूर्य एकाच क्षणी मावळतात. त्या संध्याकाळचा माझा श्लोक:

यदा भर्गश्च शोणा च सममस्तं गमिष्यतः ।
कनीयसी तदा ज्येष्ठं ग्रसिष्यते न संशयः ॥

भर्ग आणि शोणा एकदम मावळतील तेव्हा धाकटी थोरल्याला गिळेल, यात संशय नाही. यातलं ‘न संशयः’ कशासाठी, ते तुला ठाऊक आहे. शेवटी चार अक्षरं कमी पडत होती. पाठशाळेत आपण सगळेच कमी पडलेली जागा त्याने बुजवायचो.

आता कागदावरचा मथळा ऐक. ‘अष्टग्रहीविषयी प्राचीन पोथीतील भविष्य’. येत्या तीन तारखेपासून मकरेत आठ ग्रह गोळा होणार म्हणून इकडे जागोजाग शांतियज्ञ चालू आहेत. लोक धास्तावलेले आहेत, आणि त्या धास्तीत कोणीतरी आपलं ब्रह्मांड ओतलं आहे. हा श्लोक जगात दोघांनाच माहीत. मी कोणावर आळ घेत नाही. दुसरं कोणी उरत नाही, इतकंच.

आपली वही तुझ्याकडे आहे. जमलं तर पाठव. घाई नाही.

तीळगूळ घे, गोड बोलण्याची सक्ती नाही.

नरहर


कर्जत
२१ जानेवारी

विश्वंभरा,

‘घाई नाही’ असं मागे लिहिलं होतं. ते खोडून वाच.

आमच्या शाळेचा शिपाई चांगो. भिवपुरीच्या अलीकडे त्याचं गाव, दोन एकर भात, आई मोतीबाई, बायको मैना. मार्गशीर्षात मैनेला जुळं झालं. आधी मुलगा, मग अर्ध्या तासाने मुलगी. कान्हा आणि शकू. बाराव्या दिवशी चांगोने सगळ्या शिक्षकांना पेढे वाटले. मी दोन खाल्ले, म्हटलं दोन पोरं, दोन पेढे. तो हसला होता.

गेल्या बुधवारी त्याच्या गावच्या मारुतीच्या देवळात तो पिवळा कागद कोणीतरी वाचला आणि कोणीतरी त्याचा अर्थ सांगितला. जुळे सूर्य, थोरला पुरुष, धाकटी स्त्री, धाकटी थोरल्याला गिळणार. शुक्रवारी मोतीबाईने शकूला फडक्यात गुंडाळलं आणि डोंगराच्या पायथ्याच्या ठाकरवाडीत नेऊन ठेवलं. तिथे जना नावाची बाई आहे, तिच्या अंगावर तिचं मूल आहे. एकाच्या दुधात दोघांचं भागेल, आणि अष्टग्रही होईपर्यंत बहिणीची सावली भावावर पडणार नाही, असा हिशेब.

मूल दीड महिन्याचं आहे. पौषातली थंडी आहे. वाडीची घरं कुडाची, वारा आरपार जातो.

चांगो शाळेत येतो, घंटा वेळेवर देतो. कोणी काही विचारलं तर खडूची पेटी उघडून खडू मोजू लागतो. मी विचारलं, मुलीला कधी आणणार. म्हणाला, ‘ग्रव सुटलं की आनू, गुरुजी. सोळा-सतरा दिसांची तर गोष्ट हाय.’ सोळा-सतरा दिवस. दीड महिन्याच्या जिवाला ते तुझ्यामाझ्या सोळा वर्षांइतके.

म्हणून वही हवी. त्यात आपल्या दोघांची अक्षरं आहेत, तू काढलेला घाटाचा नकाशा आहे, भर्गाला मी लावलेल्या मिशा आहेत. ती पाहून मोतीबाईलाही कळेल की ही पोथी ऋषींची नाही, वाईच्या पाठशाळेतल्या दोन टवाळ पोरांची आहे. रजिस्टरने पाठव. टपालखर्च मी देईन, वर क्षमाही मागेन. कशाची, ते मागून ठरवू.

नरहर


कर्जत
२७ जानेवारी

विश्वंभरा,

उत्तर नाही. तू रागावला असशील, आणि तो राग मी पहिल्या पत्रात ओढवून घेतला आहे. म्हणून आता सरळ लिहितो.

श्लोक तू दिला नाहीस. मी दिला.

दिवाळीच्या सुमारास खोपोलीहून यज्ञसमितीचे आबाजी म्हणून कोणी आले. ग्रहांविषयी एखादं जुनं वचन असेल तर हवं, म्हणाले, पंडितजी, तुमच्याशिवाय या तालुक्यात कोणाकडे असणार. अकरा वर्षांत मला पंडितजी म्हणणारा हा पहिला माणूस. इथे मी शब्दरूपं पाठ करून घेणारा मास्तर आहे, मुलं मला ‘रामौ’ म्हणतात. मी चिठ्ठीवर श्लोक लिहिला आणि सांगितलं, एका जुन्या वहीत सापडला. हे अक्षरशः खरं होतं. वहीची पोथी त्यांनी केली.

आणि देवळात अर्थ सांगणारा ‘कोणीतरी’ मीच. चांगोच मला घेऊन गेला होता, मोठ्या अभिमानाने, आमचे गुरुजी सांगतील म्हणून. तीस-चाळीस माणसं हात जोडून बसलेली. तिथेच म्हणायचं होतं की बाबांनो, हा माझा पोरखेळ आहे. मी अन्वय लावला. शोणेचं तांबडेपण असं वर्णन केलं की पुढे बसलेल्या म्हाताऱ्याने डोळे मिटले. मोतीबाईने विचारलं, ‘जुळ्यातली धाकली थोरल्याला खाती, असं शास्तरात हाय?’ मी म्हटलं, ‘आहे.’ मला पेढे आठवले नाहीत. तिचा चेहरा पाहिला तेव्हा वाटलं, काय परिणाम झालाय.

शुक्रवारी शकूला नेलं, ते मला शनिवारी कळलं.

काल झेंडावंदन झाल्यावर मी चांगोच्या घरी गेलो. ओटीवर बसून सगळं सांगितलं. पार्श्वांड खोटं, सूर्य खोटे, श्लोक मी विसाव्या वर्षी रचला, तोही चेष्टेत. मोतीबाई सूप घेऊन तांदूळ निवडत होती. तिने ऐकून घेतलं, मध्ये तोडलं नाही. मग म्हणाली, ‘गुरुजी, तुमी देवमानूस. आमाला भ्या वाटू नये म्हनून सोताकडं घेताय.’

मी म्हटलं, आई, खरंच मी लिहिलंय.

‘तुमी कशाला असलं लिवाल? तुमचं काय वाकडं केलंय पोरीनं?’

तिने मला गुळाचा चहा दिला.

मैना दारात कान्हाला मांडीवर घेऊन बसली होती. लुगडं पुढून ओलं झालेलं. एकाच्या पोटाला पुरून दुसरीचं दूध वाया जात होतं, हे बघून समजायला संस्कृत लागत नाही. मी निघालो तेव्हा ती मान वर न करता बोलली, ‘शकूनं कुनाला खाल्लं, गुरुजी? ती तर पियाचं बी थांबून थांबून प्यायची.’

मी एकट्याने सांगितलं तर ते माझं भलेपण ठरतं. वही हवी, किंवा तू हवास. तार करायला गेलो होतो. फॉर्मवर ‘शोणा निर्दोष, त्वरित या’ असं लिहिलं. तारमास्तरांनी चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, कोर्टाचं काम आहे का. मी फॉर्म फाडला. चूक केली. तशीच पाठवायला हवी होती.

नरहर


कर्जत
१ फेब्रुवारी

विश्वंभरा,

तुझं कार्ड काल मिळालं. ‘वही मी १९५१ सालीच जाळली. दुसरा श्लोक पाठ आहे, तो खाली देतो.’ अकरा वर्षांचा हिशेब तू दोन ओळींत मिटवलास. तू नेहमीच माझ्याहून नेटकं लिहायचास.

वही जाळलीस, ठीक केलंस. आपण एका काल्पनिक ताऱ्यावरून भांडलो असं मी इथे लोकांना सांगत आलो आणि सगळे हसत आले. खरं काय ते तुला आणि मला माहीत आहे. शोणा तांबडी होती कारण तुझी धाकटी बहीण तांबडा परकर नेसायची. ती चौथ्या वर्षी तापाने गेली आणि तू तिला आकाशात जागा दिलीस, थोरल्याच्या पाठीशी, ढकलणारी. मला हे माहीत होतं. पाठशाळेतला तो जुना श्लोक तू कधीच खोडून टाकला होतास. एक्कावन्न सालच्या संक्रांतीला मी तो पुन्हा वर काढला, अखेर जोरकस हवी म्हणून तुझ्या बहिणीला राक्षसीण करून शेवटच्या पानावर नेऊन ठेवलं, आणि वर तुला विचारलं, कसा आहे. तू विचारलं होतंस, ‘तिने तुझं काय केलं होतं रे?’ मोतीबाईनेही जवळजवळ तेच विचारलं. मी तुझी क्षमा मागतो. कशाची, ते ठरलं.

माझ्या श्लोकाला उत्तर म्हणून तू रचलेला हा दुसरा श्लोक मी काल दहा वेळा म्हटला.

अञ्चलेन यथा माता शिशोराच्छादयेन्मुखम् ।
तथा छादयते शोणा भर्गं शीताद्दयावती ॥

आई पदराने बाळाचं तोंड झाकते, तशी शोणा भर्गाला थंडी लागू नये म्हणून झाकून घेते. ते गिळणं नव्हतंच. तो मला रचता आला नसता.

कार्ड घेऊन तसाच चांगोकडे गेलो. वाचलं, अर्थ सांगितला, या वेळी साध्या शब्दांत. चांगोच्या डोळ्यांत पाणी आलं. मोतीबाईने कार्ड हातात घेतलं, उलटसुलट केलं. तिला वाचता येत नाही, पण बघता येतं. म्हणाली, ‘पयला छापलेला हाय. ह्यो हातानं लिवलाय.’

मग मी आज सकाळी खोपोलीला छापखान्यात गेलो. हा दुसरा श्लोकही छापून द्या, त्याच पिवळ्या कागदावर. मालक सभ्य माणूस. यंत्र दाखवलं त्यांनी. एकीकडे यज्ञाच्या पावत्या निघताहेत, दुसरीकडे निवडणुकीच्या उमेदवारांचे चेहरे. ‘गुरुजी, पाच तारखेनंतर या. जग राहिलं तर लगेच छापतो.’ विनोद होता. मी हसलो. माझ्याच जातीचा विनोद होता.

परतताना आणखी एक झालं, ते तुलाच लिहितो. फलाटावर उतरलो तेव्हा सूर्य टेकत होता आणि स्टेशनातले दिवे नुकतेच लागलेले. चालताना खाली पाहिलं तर माझ्या पायाशी दोन सावल्या. एक निळसर, लांब. दुसरी तांबूस, आखूड. दिवा आणि मावळतं ऊन, त्यात शास्त्र काही नाही, शाळेत मी मुलांना समजावून सांगितलं असतं. तरी मी तिथेच उभा राहिलो आणि तांबूस सावली पुढे सरकते का, ते बघत राहिलो. हमालाने हटकलं तेव्हा पाय उचलले.

इथला प्रत्येक माणूस आठ ग्रहांना भितो आहे. मी एकटाच असा, जो अस्तित्वात नसलेल्या दोघांना भितो.

ये. जमेल त्या गाडीने ये. दोघांनी शेजारी बसून सांगितलं तर तो माझा चांगुलपणा ठरणार नाही, तू तर त्यांच्या लेखी परका माणूस.

नरहर


कर्जत
७ फेब्रुवारी

विश्वंभरा,

जग आहे. तुलाही तसं आढळलं असेल.

तीन, चार, पाच गेले. यज्ञाच्या धुराने डोळे चुरचुरले, बाकी काही नाही. पाच तारखेला संध्याकाळी बाजारात लोक एकमेकांना ओळख नसताना पान देत होते. काल शाळेत हेडमास्तर म्हणाले, काय पंडितजी, तुमची पोथी फसली. मला इतका आनंद झाला की मी त्यांना नमस्कार केला. शाळा सुटण्याचीही वाट पाहिली नाही. चांगोला म्हटलं, चल, मुलीला आणू.

तो खडूच्या पेटीकडे वळला.

मी त्याच्या घरी गेलो. मोतीबाई आनंदात होती, गूळ-खोबरं वाटत होती. कान्हा धष्टपुष्ट, पायाने गोधडी लाथाडतोय. मी विचारलं, आता शकू कधी?

ती म्हणाली, ‘गुरुजी, तुमच्या शास्तरानं वाचवला माझा नातू. पोरगी लांब ठिवली, म्हनून ग्रवांनी कायपन केलं नाय. आता ती लांबच बरी.’

मला हे सुचलं नव्हतं. न्याय शिकलो, मीमांसा चाळली, मुलांना हेत्वाभास शिकवतो, आणि काही न घडणं हाच माझ्या श्लोकाचा पुरावा होईल हे मला दिसलं नाही. पाच तारखेची मी वाट पाहत होतो. ती दार उघडेल असं वाटलं, तिने कडी लावली. आता पुन्हा कुठला दिवस यायचा आहे? सत्तावीस वर्षांनी, मीच लिहिलेलं.

चांगो अंगणात माझ्याजवळ आला. आईसमोर बोलला नव्हता. ‘मला आनावीशी वाटती, गुरुजी. पन उद्या कान्हाला साधा खोकला जरी झाला, तर मी तिच्याकडं कसा बघंन?’ तो वाईट बाप नाही. मी त्याच्यासारखा घाबरलेला माणूस पाहिला नाही, आणि हल्ली मी रोज आरसा पाहतो.

आज सकाळी सरकारी दवाखान्यातल्या नर्सबाईंना विनवून वाडीवर घेऊन गेलो. मैना मागोमाग आली, सासूला न सांगता, डोक्यावर गवताचा भारा घेऊन, कोणी विचारलं तर सांगायला काही हवं म्हणून. जना बाहेरच बसली होती. धीराची बाई. तिने आपल्या मुलाला नवऱ्याकडे दिलं होतं आणि शकूला पोटाशी उघड्या अंगाला बांधून वरून घोंगडी घेतली होती. म्हणाली, आठ दिवस अशीच बांधून हिंडते, खाली ठेवली की गार पडते. तिच्या स्वतःच्या मुलाचं पोट त्यामुळे अर्धं राहतंय, ते तिने सांगितलं नाही, ते दिसत होतं. मी तिला काय म्हणणार? जिने एकही श्लोक ऐकलेला नाही ती एकटी थंडीपासून झाकते आहे.

मैनेने मुलीला घेतलं आणि छातीशी लावलं. आम्ही पाठ करून उभे राहिलो. बराच वेळ गेला. मग नर्सबाईंनी पाहिलं. ओढत नाही, म्हणाल्या. तोंडात धरते आणि सोडून देते. वजनाचा काटा त्यांनी पिशवीत आणला होता. काटा बघून त्यांनी आकडा मला सांगितला नाही, मैनेलाही नाही. म्हणाल्या, आईजवळ राहिली तर काही सांगता येईल, आजच न्या. मैना उठली. चार पावलं उतारावर गेली आणि थांबली. तिने घराच्या दिशेने पाहिलं, मग माझ्याकडे. तिथे मोतीबाई आहे, चांगोची भीती आहे, कान्हा आहे, आणि सगळ्यांच्या मागे माझा आवाज आहे, देवळात ‘आहे’ म्हणालेला. तिने मुलीला परत जनाकडे दिलं. गवताचा भारा उचलला.

जनाने मला बाजूला घेऊन सांगितलं, ‘पोर रडत नाय, मास्तर. आधी रडायची. चार दीस झालं, आवाज नाय.’

मी वाकून पाहिलं. डोळे उघडे होते. तिने माझ्याकडे पाहिलं, रडली नाही.

हे पत्र टाकून मी पुन्हा चांगोकडे जाणार आहे, आणि या वेळी तीस-चाळीस जणांना त्याच देवळात बोलावून सांगणार आहे, ते मला वेडा म्हणेपर्यंत. देवमाणूस म्हणण्यापेक्षा ते बरं. वेड्याचा श्लोक कोणी पाळत नाही. तू येशील की नाही, याची वाट न बघता जातो आहे. तरी ये.

इतकी पत्रं लिहिली आणि प्रत्येकात कुठेतरी हसलो. मला शकू मरेल अशी भीती वाटते, विश्वंभरा. दुसरं काही नाही.

नरहर